अमिनो आम्लाचा अर्थ, शेवंताबाईंसाठी

अन्याय झाला तो शेवंताबाईंवर. गडचिरोली जिल्हा वेगळा झाला त्यानंतरच्या दुसऱ्या वर्षी, माघातल्या दुसऱ्या गुरुवारी, आठवडी बाजार ऐन भरात असताना, सकाळी अकराच्या सुमारास, कोंडवाड्याच्या भिंतीपाशी. अन्याय करणाऱ्याचं नाव दिगांबर. म्हणजे मी.

पत्रकात असंच लिहायचं असतं. नाव, जागा, वेळ. मोघम लिहिलं की कुणालाच लागत नाही. ही शिस्त मी आमच्या शेतमजुरांच्या समितीत शिकलो आणि पहिल्यांदा वापरली ती तुमच्यावर. आज स्वतःवर वापरतो आहे. तुम्हाला जाऊन नऊ दिवस झाले, शेवंताबाई, आणि तुम्ही विचारलेल्या एका साध्या प्रश्नाचं उत्तर अजून माझ्याकडेच पडून आहे.

तुमचा जन्म कधीचा, शिक्षण किती, मागे कोण, हे लिहीत नाही. गावाला ते माहीत आहे. गावाला जे माहीत असून गाव बोलत नाही, ते लिहितो.

कोंडवाड्याची ती भिंत तुम्हाला फुकट मिळाली नव्हती. तुमचे मालक जंगलात लाकूडतोडीच्या कुपावर झाडाखाली सापडून गेले आणि तुम्ही कढई घेऊन बाजारात बसलात, तेव्हा तुमची जागा पार टोकाला होती, चपला विकणाऱ्यांच्याही पलीकडे. लोक घरून भांडं आणायचे आणि वरून, हात न लागता, त्यात वडे टाकून घ्यायचे. बौद्ध वस्तीतल्या बाईच्या हातचं खातो हे दिसायला नको, आणि लाखोळीच्या डाळीचे ते वडे तर सोडवत नाहीत. जवसाच्या तेलाचा वास अर्धा बाजार ओढून आणायचा. वर्षावर्षानं तुम्ही एकेक पाऊल पुढे सरकलात. चपलांच्या अलीकडे. मग बांगड्यांच्या अलीकडे. मग भिंतीपाशी. आणि एक दिवस असा आला की पाटील, मास्तर, पोस्टमन तुमच्यासमोर उभे राहून पळसाच्या द्रोणात वडे खाऊ लागले. उभे राहून. सगळ्यांच्या देखत. ह्याला किती वर्षं लागली ते तुम्हीच मला सांगितलं होतं. मी ते भाषणात वापरलं होतं.

भाषणात मी हेही सांगायचो की मी, चौकातल्या कुणब्याचा मुलगा, शेवंताबाईंच्या हातचं खातो. टाळ्या पडायच्या. एकदा तुम्ही गर्दीच्या मागे उभ्या होतात. सभा संपल्यावर म्हणालात, "वडा खातोस तू बाबू, अन् सांगतोस जसा पहाड उचलला. ठेचा पायजे का आनखी?" मी हसलो होतो. तुम्हीही. मला वाटलं चेष्टा आहे.

आता पत्रकाचं सांगतो. तुम्हाला अर्धंच माहीत होतं.

वैनगंगेच्या पलीकडे एका टोल्यावर, चारसहा घरांच्या वस्तीत, मी दोन माणसं पाहिली. चाळिशीच्या आतले, धडधाकट खांद्यांचे. चालताना पाय कैचीसारखे एकमेकांवर पडायचे, टाच जमिनीला टेकत नव्हती, दोन्ही हातांत काठ्या. दोघेही एकाच वाड्यावरचे सालदार. धान कमी झालं त्या साली मालकानं मजुरी धानाऐवजी लाखोळीत दिली. महिनोन्महिने लाखोळीची भाकर, लाखोळीचं वरण, दुसरं काही नाही. मग एका सकाळी बैल सोडायला उठताना गुडघे वळले ते वळलेच. मी त्यांना मालकाचं नाव विचारलं. त्यातला थोरला माझ्याकडे बघून म्हणाला, "तुमचेच मामा ना जी." टोमणा नव्हता. त्याला खरंच वाटलं, मला माहीत असेल.

मी रागानं पेटून ब्रह्मपुरीला आलो. बसस्टँडमागच्या समितीच्या खोलीत बसून पत्रक लिहिलं. नागपूरच्या एका मासिकातलं कात्रण समोर होतं. त्यात लिहिलं होतं की अमिनो आम्लं नावाचं रसायनांचं एक मोठं कूळ आहे, बहुतेक निरुपद्रवी, शरीराला लागणारी. लाखोळीत मात्र ह्या कुळातलं एक असं असतं की ते रोज, भरपूर, दुसऱ्या अन्नाशिवाय पोटात गेलं तर मज्जातंतू मारतं. स्टेन्सिलवर एवढी जागा नव्हती. खरं सांगायचं तर जागा होती, पण जोर जात होता. मी लिहिलं: "लाखोळीत अमिनो आम्ल नावाचे जालीम विष! हे विष तुम्हाला लुळे करील!" दोन उद्गारचिन्हं.

बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षात मी कॉलेज सोडलं. अमिनो आम्ल हा शब्द मला ऐकून माहीत होता. कात्रण वाचूनही अर्थ डोक्यात शिरला नव्हता. पण शब्द भारदस्त होता, आणि भारदस्त शब्दाला कुणी अर्थ विचारत नाही हा माझा अनुभव होता.

मग उदाहरण हवं होतं. नाव, जागा, वेळ. मामाचं नाव घातलं असतं तर आईनं माहेर तोडल्याबद्दल मला उभं जाळलं असतं, आणि धाकट्या बहिणीचं लग्न मामाच ठरवत होते. म्हणून मामा पत्रकात "काही मालगुजार" झाले. आणि तुम्ही झालात "कोंडवाड्याच्या भिंतीपाशी लाखोळीचे वडे विकणाऱ्या शेवंताबाई". मामा गुलदस्त्यात आणि तुमचं नाव जाड अक्षरात. मला तेव्हा हे खटकलं नाही. मला वाटलं, शेवंताबाई आपल्याच आहेत, समजून घेतील.

त्या गुरुवारी पत्रकं मीच वाटली. गुलाबी कागद. पाटील तुमच्यासमोर उभे होते, हातात द्रोण, एक वडा अर्धा खाल्लेला. त्यांनी पत्रक घेतलं, लांब धरून वाचलं, ओठ हलवत, आणि द्रोण भिंतीवर ठेवला.

"आमी जात पाहत नाई हं शेवंता," ते म्हणाले. "पन सायन्स पाहा लागते."

"अर्धा तर खाल्ला ना भाऊ," तुम्ही म्हणालात. "अर्ध्या सायन्सनं का होते?"

लोक हसले. पण द्रोण कुणी उचलला नाही. मास्तर आले, वाचलं, गेले. पोस्टमन लांबूनच वळला. दुपारपर्यंत बाजारभर झालं होतं की आम्ल म्हणजे तेजाब, आणि शेवंता तेजाबात डाळ भिजवते. तुमच्या समोर रिकामं, आणि पाच पावलांवरच्या हॉटेलात भजी खायला रांग. त्या हॉटेलच्या बेसनात निम्मी लाखोळी असते हे बाजारातलं उघड गुपित आहे. मलाही माहीत होतं. मी ते पत्रकात घातलं नव्हतं, कारण हॉटेलवाला आमच्या सभांना सतरंज्या द्यायचा.

आणि मी काय केलं? संध्याकाळी समितीत जाऊन सांगितलं, "पत्रकाचा परिणाम डोळ्यानं बघितला." असे शब्द होते माझे. मी आनंदात होतो, शेवंताबाई. हे मी कुणाला सांगितलेलं नाही.

पुढच्या गुरुवारी पोरंटोरं नाही, चांगली मिशीवाली माणसं जाता जाता विचारायची, "काऊन शेवंता, आज अमिनो कोन्या भावानं देल्ला?" तुम्ही दोन गुरुवार बसलात. तिसऱ्या गुरुवारी भिंतीपाशी लसूणवाला बसला होता. इतक्या वर्षांची चाल पंधरा दिवसांत उलटली. लोकांना तुमच्या हातचं सोडायला जे कारण मोठ्यानं सांगता येत नव्हतं, त्याच्या जागी मी एक सांगता येण्याजोगं कारण छापून, फुकट, बाजारभर वाटलं होतं.

मग तुम्ही ब्रह्मपुरीला आलात. तुमची लेक रंजना बरोबर होती. तुम्ही खुर्चीवर बसला नाहीत. पत्रकाची घडी उलगडून टेबलावर ठेवलीत.

"हे तुमीच लिवलं ना भाऊ?"

बाबू नाही. भाऊ. आणि तुमी. मी शाळेत असल्यापासून तुम्ही मला "तू" म्हणत होतात.

"हो बाई, पण तुम्ही मनाला लावून..."

"मनाचं राहू द्या. अमिनो आम्ल म्हंजे का, ते सांगा. मी चौघाले विचारलं. कोनी सांगून नाई राह्यलं."

"रसायन असतं ते. विषारी."

"दुधात राह्यते का?"

"नाही."

"अंड्यात?"

"नाही हो. कसं असेल?"

रंजना वहीत लिहून घेत होती. दुधात नाही. अंड्यात नाही. तिचं अक्षर चांगलं आहे.

"म्हंजे निस्तं लाखोरीत. बरं. अन् पान्यात विरते का?"

मी म्हणालो, "विषाला पाण्याचं काय घेऊन बसलात?"

"काऊन म्हंजे? मी डाळ कढत पान्यात भिजू घालतो अन् ते पानी फेकतो. दोनदा. माही सासू त पह्यले पानी कुठी फेकलं ते पाहे, मंगच पाट्याले हात लावू दे. त्या पान्यासंगं गेलं असंल का तुमचं ते अमिनो?"

मी म्हणालो, "बाई, हे शास्त्र आहे. सासूच्या सांगण्यावर शास्त्र चालत नाही."

तुम्ही माझ्याकडे बघितलंत. रागानं नाही. दुकानात माप खोटं आहे हे कळल्यावर माणूस दुकानदाराकडे बघतो तसं.

"हॉटेलवाल्याच्या बेसनात लाखोरी, माह्या वड्यात लाखोरी. मंग हा अमिनो माह्याच घरी मुक्कामाले आला का?" तुम्ही म्हणालात. "अन् ज्याच्या लाखोरीनं मानसं खरंच लुली झाली, त्याचं नाव कुठी हाये यात?"

"पुढच्या पत्रकात घेऊ."

"पुढचं कधी?"

"बघू."

दारात थांबून तुम्ही जे बोललात ते मी शब्दशः लिहितो. "मले वाचता येत नाई. पन शिकलेल्या मानसानं छापलं म्हंजे ते खरं, असं मी हिले लहानपनापासून सांगत आलो. चांद्याच्या धम्मदीक्षेहून ट्रकात बसून वापस आलो, तवापासून तेच मानत आलो. आता हिले मी का सांगू?"

मी म्हणालो, "चहा तरी घ्या."

"नको. त्यातबी असंल."

त्यानंतर पंधरा-वीस दिवसांनी मी कॉलेजात आमच्या जुन्या सरांकडे गेलो. तुमच्यासाठी नाही. दुसऱ्या पत्रकाला आणखी एखादा भारदस्त शब्द मिळतो का बघायला. सर प्रयोगशाळेत परीक्षानळ्या धुवत होते. त्यांनी पत्रक वाचलं आणि ओल्या हातानंच टेबलावर ठेवलं.

"तू माझ्याच वर्गात बसायचास ना?"

मग त्यांनी खडू घेऊन फळ्यावर काढलं. एका टोकाला नत्र आणि हायड्रोजनचा गट, तो अमिनो. दुसऱ्या टोकाला आम्लाचा गट. मध्ये कार्बन. आणि त्या कार्बनला बाजूला जे लटकतं, त्यानं एकाचं दुसऱ्याहून वेगळेपण ठरतं. "हे एका पदार्थाचं नाव नाही रे, कुळाचं नाव आहे. ह्यातल्या वीसेकांनी तुझं अंग बांधलंय. दुधात हीच, अंड्यात हीच, डाळीत हीच. तुझ्या नखात, केसात. लाखोळीतलं ते एक ह्याच कुळातलं, पण बांधकामाच्या कामाचं नाही, नसांना त्रास देणारं. तू एकासाठी अख्ख्या कुळाला विष म्हटलंस."

मी विचारलं, "ते पाण्यात विरघळतं का?"

"विरघळतं तर. कढत पाण्यात डाळ भिजवून पाणी फेकलं की बरंच निघून जातं. सगळं नाही, पण बरंच. पत्रकात हे सांगायला हवं होतंस, लोकांच्या कामाचं तेवढंच होतं. तुला कुणी सांगितलं नाही?"

"सांगितलं होतं," मी म्हणालो.

कुणी ते त्यांनी विचारलं नाही. मीही सांगितलं नाही.

समितीत मी खुलासा काढायचं बोललो. एकदाच, आणि अशा आवाजात की कुणी नाही म्हटलं तर बरं. समितीतले म्हणाले, आत्ता खुलासा काढला तर मालगुजार म्हणतील सगळं पत्रकच खोटं. मी लगेच मान हलवली. मला सुटल्यासारखं झालं. समितीला दोष देत नाही. तुमचं घर माझ्या घरापासून चालत दहा मिनिटं होतं, आणि दहा मिनिटं चालायला ठराव लागत नाही.

आलो नाही. गुरुवारी बाजाराच्या मागच्या गल्लीनं जाऊ लागलो. श्रावणात एकदा एसटीतून जाताना तुम्ही दिसलात, दुसऱ्याच्या धानाच्या बांधीत, रोवण्याच्या बायांच्या ओळीत. स्वतःची कढई असलेली बाई, गुडघाभर चिखलात, मजुरीनं. तुम्ही पाठ सरळ करायला उभ्या राहिलात आणि गाडीकडे बघितलंत. मी वाकून चपलेचा अंगठा नीट करू लागलो. अंगठा नीटच होता.

पोळ्यानंतर चौथ्या दिवशी तुम्ही गेलात. ताप होता, आठवडाभर. मी तुम्हाला मारलं असं मी म्हणत नाही. तसं म्हणणं ही पुन्हा स्वतःला मोठं करायची तऱ्हा होईल. तापानं पुष्कळ जण जातात. पण तुम्ही गेलात तेव्हा भिंतीपाशी लसूण होता, एवढं माझं आहे.

मी स्मशानात मागे उभा होतो. तिसऱ्या दिवशी रंजनाकडे गेलो आणि म्हणालो, मी लिहिणार आहे. ती म्हणाली, "लिवा. पन छापाच्या अगोदर मले वाचून दाखवा. ह्यावेळी मी पाहीन." काल वाचून दाखवलं. तिनं तीन ठिकाणी थांबवलं. एके ठिकाणी मी तुम्हाला "बिचाऱ्या" लिहिलं होतं. ती म्हणाली, आई बिचारी नव्हती, काढा. दुसऱ्या ठिकाणी मी पश्चात्तापावर पानभर लिहिलं होतं. ती म्हणाली, हे कोनासाठी हाये? तेही काढलं. आणि तिसरं, ती नुसतं म्हणाली, "मामाचं नाव?"

माझ्या मामाचं नाव केशवराव. पलीकडच्या टोल्यावरच्या दोन सालदारांना त्यांनी मजुरी म्हणून लाखोळी दिली, खायला दुसरं काही ठेवलं नाही, आणि ते दोघे आता काठ्यांवर चालतात. हे वाक्य माघात तुमच्या नावाच्या जागी असायला हवं होतं. आई हे वाचेल. वाचू दे.

आता तुमचं उत्तर, शेवंताबाई. दुधात असतं. अंड्यात असतं. मी खोटं सांगितलं होतं, आणि रंजनाच्या वहीत ते तसंच लिहिलेलं आहे. तिला मी ते खोडायला सांगितलं तर तिनं नकार दिला, म्हणाली खाली खरं लिवा अन् सही करा. केली. पाण्यात विरतं. तुम्ही फेकायच्या त्या पाण्यातून जात होतं. तुमच्या सासूबाईंना नाव माहीत नव्हतं पण काम माहीत होतं. मला नाव माहीत होतं आणि तेही धड नाही. जो माणूस रोज तीन वेळा लाखोळीच खातो, कारण त्याला दुसरं काही मिळत नाही, त्याला ती लुळं करते. हे खरं आहे आणि ह्यासाठी मी भांडत राहीन. पण त्याचं पाप बाजारातल्या दोन वड्यांवर नव्हतं, आणि तुमच्या हातावर तर नव्हतंच.

एक गोष्ट मानायची राहिली. चौघांना अर्थ विचारत फिरून, एसटीचं तिकीट काढून, छापलेल्या शब्दाचा अर्थ विचारायला ह्या गावातून फक्त तुम्ही आलात. ज्यांना वाचता येत होतं त्यांनी द्रोण खाली ठेवले. मला आजवर कुणी एवढं मनावर घेऊन वाचलेलं नाही. त्याबद्दल मी तुमचा ऋणी आहे, आणि हे तुम्ही दारात उभ्या असताना म्हणायला हवं होतं.

आता वाचणाऱ्यांसाठी. येत्या गुरुवारी रंजना कढई घेऊन कोंडवाड्याच्या भिंतीपाशी बसणार आहे. डाळ दोनदा कढत पाण्यातून काढलेली असेल. तुम्ही, ज्यांनी माघात माझं पत्रक वाचून द्रोण खाली ठेवला, त्यांनी यायचं आहे. पाटील, मास्तर, पोस्टमन, सगळ्यांनी. घरून भांडं आणायचं नाही. तिच्या हातून द्रोण घ्यायचा आणि तिथंच, तिच्यासमोर, उभं राहून खायचं. आणि खायचं नसेल, तर तोंड चुकवून जाऊ नका. तिच्यासमोर उभे राहा आणि का नाही खात ते तिला सांगा. फक्त ते कारण माझ्या पत्रकातलं सांगू नका.